धुलाईखोलीतून

मी ओदिल. क्लबच्या धुलाईखोलीत एकतीस वर्षं.
पिरनीजकडून उतरणारा वारा माझ्या दोऱ्यांना ठाऊक आहे
आणि मला चिखल.
जर्सी हातात घेतली की सांगते
कोण पडला, कोण नुसता वाकला.

सात कोच पाहिले.
पहिल्याचं नाव आता जिभेवर येत नाही,
छत्री मात्र अजून माझ्याकडे आहे त्याची.
चौथा मरडो टायरेल, न्यूझीलंडच्या पार खालच्या टोकाचा,
जिथे, तो म्हणायचा, कोकरूसुद्धा वाऱ्याकडे पाठ करून जन्मतं.
मान नव्हती त्याला. म्हणजे होती,
पण चौदा वर्षं हुकर म्हणून स्क्रममध्ये घालून घालून
खांद्यांत बुडालेली.
मागून हाक मारली की अख्खा माणूस वळायचा,
कपाट सरकवावं तसा.

आला तेव्हा फ्रेंचचे तीन शब्द:
नमस्कार, ढकला, पुन्हा.
तेवढ्यावर नऊ सामने काढले.
पुढचं कँटीनच्या टेबलावर.
मीठदाणी फ्लाय-हाफ, मोहरीच्या बरण्या दोन प्रॉप,
आणि विंगवर एकटा पावाचा तुकडा,
जो बोलता बोलता त्याने खाऊन टाकला.
पोरं हसली.
रविवारी विंगवर खरंच कोणी नव्हतं
आणि तिथूनच आम्ही दोन ट्राय खाल्ले.

रात्री दोनला माझा ड्रायर थांबायचा.
त्याच्या खोलीतला निळा उजेड थांबायचा नाही.
तेच पंधरा सेकंद, पुढे, मागे, पुढे.
एकदा कॉफी घेऊन गेले तर म्हणाला,
बघ ओदिल, इथे हा दमला.
कोणाला दिसलं नाही. त्यालाही नाही.
सोमवारी त्या पोराला बाकावर बसवलं.
पोराची आई वर्षभर बाजारात माझ्याशी बोलली नाही,
जणू मीच.

बायको दोन हंगाम होती.
मग म्हणाली, हे खोके मी आता पुन्हा उघडणार नाही,
आणि बंद खोक्यांसकट गेली.
लेक फोनमध्ये वाढत राहिली,
तिची सकाळ, याची रात्र.

एका वर्षी आम्ही वरच्या डिव्हिजनमध्ये गेलो.
अध्यक्षांनी, हॅमचा कारखाना त्यांचाच,
त्याला खांद्यावर घेऊन मैदानाला फेरी मारली.
फेब्रुवारीत ओळीने सहा हरलो.
मंगळवारी, सरावाआधी, तो बुटाची नाडी बांधत असताना
अध्यक्षांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला.
एवढंच.
दुपारपर्यंत पार्किंगमधल्या पाटीवरून नाव खरवडलं.
'टाय' तेवढं उरलं, ते पाचव्याने चार महिने चालवून घेतलं.

क्लबचा लांब कोट घडी करून माझ्याकडे दिला त्याने.
हा कोट कोणाचा नसतो. जो येतो तो घालतो.
झटकला तर अस्तराच्या आत काहीतरी खळखळलं:
फाटक्या खिशातून घसरलेली शिट्टी.
मी दारापर्यंत पळाले. गाडी निघून गेली होती.

मग जपान, ट्रकच्या कारखान्याचा संघ. मग जॉर्जिया.
पोस्टकार्ड एकच आलं:
'इथे जर्सीला इस्त्री करतात.'
जपलेलं नाही मी. कुठेतरी असेल.

गेल्या शरदात तो परत आला, पाहुण्या संघाबरोबर.
केस पांढरे, वळणं तेच कपाटाचं.
मी शिट्टी पुढे केली.
त्याने कानाशी नेऊन हलवली, उलटीपालटी केली.
माझी नाही, म्हणाला. मी कधी शिट्टी वापरली का?
खरंच की.
त्याचा आवाज नदीपलीकडच्या गुरांना माहीत होता.
सहा वर्षं मी दुसऱ्याच कोणाचं तरी
सांभाळत बसले होते.
दोन गुणांनी जिंकले ते. जाताना हात हलवला नाही,
हातात दोन बॅगा होत्या.

आता सातवा. एकोणतीस वर्षांचा, लॅपटॉपवाला,
कोट त्याला घोट्यांपर्यंत येतो.
अस्तर मी शिवून टाकलं. शिट्टी आतच ठेवली.
वाजत नाही.
पण टचलाइनवर उभा असला की तो
खिशात हात घालून सारखं काहीतरी चाचपतो.